बांधावरच्या जपानणी

साल एकोणीसशे अठ्ठेचाळीस. त्या वर्षी सांगलीचं संस्थान मुंबई इलाख्यात गेलं, पुण्याहून नगरला पहिली सरकारी मोटार सुटली, आणि कराडच्या खाली, कृष्णाकाठच्या पिंपरवाडीत, दोन जपानणींपायी शालूचं लग्न अडून बसलं. पहिल्या दोन गोष्टी सगळ्यांना ठाऊक आहेत. तिसरी सांगायला आता फारसं कुणी उरलेलं नाही.

शालूचं लग्न खरं तर पाळण्यातच ठरलं होतं. तिचे वडील आप्पासो, त्यांची थोरली बहीण धोंडुबाई. ती सांगलीकडं, वाळव्याच्या बाजूला दिलेली. शालूच्या बारशाला ती आली, पाळण्यात वाकली आणि "ही माझ्या नाथाजीची," म्हणून पोरीच्या हातात चांदीचं कडं अडकवून गेली. मामाची मुलगी भाच्याला द्यायची रीतच होती, त्यामुळं कुणी हो म्हणालं नाही, नाहीही म्हणालं नाही. शालू नाथाजीची म्हणूनच वाढली.

नाथाजी बेचाळीस साली मराठा पलटणीत गेला. तिथं मोटार हाकायला शिकला. लढाई संपल्यावर बाकीचे घरी आले, पण याची पलटण बोटीत बसून जपानला गेली, हरलेल्या मुलखाच्या बंदोबस्ताला. सत्तेचाळीसच्या माघात तो पलटणीतून सुटून ताकारी स्टेशनवर उतरला आणि आईच्या पाया पडून दुसऱ्याच दिवशी मामाच्या घरी आला. जपानातून आलेला माणूस, म्हणजे घड्याळ आणलं असेल, निदान रेशमाचा तागा तरी, म्हणून शेजारपाजारही जमलं. नाथाजीनं बिस्तारा सोडला. आतून निघाल्या ओल्या शेवाळात आणि गोणपाटात गुंडाळलेल्या तीन काटक्या.

"काय रं हे?" आप्पासोंनी विचारलं.

"झाडं हायती मामा. कलमं. तिकडं साकुरा म्हणत्यात. आमचं सायेब लोक चेरी म्हणायचं."

"फळ कसलं येतंय?"

"फळ न्हाई येत. निस्ती फुलं."

"लाकूड?"

"तोडत न्हाईत कुणी."

"पाला जनावर खातंय का?"

नाथाजीनं डोकं खाजवलं. "ते काय ठावं न्हाई."

आप्पासोंनी बायकोकडं, मनुबाईकडं बघितलं. "बघ गं, सातासमुद्रापल्याडनं पोरानं सरपण आणलंय."

सगळे हसले. नाथाजीही हसला. बोटीवर पिण्याचं पाणी मोजून मिळे, त्यातला अर्धा मग तो या काटक्यांना पाजत आला होता, हे त्यानं कुणाला सांगितलं नाही. दाराआड उभ्या असलेल्या शालूला मात्र ते त्याच्या हाताकडं बघूनच कळलं. तान्ह्या पोराला धरावं तशी त्यानं ती कलमं धरली होती.

त्या दिवशी संध्याकाळी आप्पासोंच्या ओट्यावर माणसं बसली आणि नाथाजी बोलायला लागला. चैत्राच्या सुमाराला झाडावर एक पान नसतं आणि सगळं झाड फुलांनी भरतं, असं तो म्हणाला.

"मंग त्यात काय?" शेजारचा गुंडा म्हणाला. गुंडा म्हणजे गावचा टवाळ. कुणाचीही फिरकी घ्यायची तर तो जेवण सोडून यायचा. "आमचा पळस काय पानं नेसून फुलतोय व्हय?"

"पळस एकच, गड्या. हितं लय जाती हायत. एक पाच पाकळ्यांची, फिकट. ती सारी झाडं एकदम फुलत्यात आन एकदमच झडत्यात. एक दाट पाकळ्यांची, शेवंतीगत गच्च. एकीच्या फांद्या भुईकडं सोडल्याल्या, न्हाऊन केस मोकळं सोडल्याल्या बाईगत. एक वर्साला दोनदा फुलणारी. आन एक हिरव्या फुलांची."

"हिरवं फूल?"

"हिरवट. पिवळसर हिरवं."

"मंग ते पान आसंल रं! पलटणीत डोळं तपासत न्हाईत वाटतं."

हे सगळं नाथाजीला छावणीजवळच्या एका म्हाताऱ्या माळ्यानं दाखवलं होतं. दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती. म्हातारा बोटांनी पाकळ्या मोजून दाखवायचा आणि नाथाजी मान हलवायचा. आपल्याकडं शिंगांवरून आणि रंगावरून बैलाला नाव पडतं, तसं तिथं प्रत्येक जातीच्या झाडाला नाव होतं.

"आन फुलं आली म्हंजे सारं गाव कामं सोडून झाडाखाली जाऊन बसतंय," नाथाजी म्हणाला. "भाकरी बांधून न्यायची, म्हंजे त्यांचा भात. दिसभर बसायचं."

"कुणाचं बारसं आसतंय?" आप्पासोंनी विचारलं.

"न्हाई. फुलासाठनंच."

"देव बसीवल्याला आसंल झाडाखाली."

"न्हाई मामा. निस्तं बघायचं."

"मोट सोडून?"

"मोट सोडून. आवं, हरल्यालं गाव ते. निम्मी घरं जळल्याली, पोटाला धड न्हाई. तरी बसत्यात."

तिथंच नाथाजीनं थांबायला हवं होतं. पण बोलण्याच्या भरात त्यानं आणखी दोन गोष्टी सांगितल्या. तिथं लग्नाला पाहुण्यांना चहा देत नाहीत, मिठात मुरवलेलं साकुराचं फूल गरम पाण्यात टाकून देतात, ही एक. ती ऐकून गुंडा हसून हसून आडवा झाला. दुसरी वादळाची. भादव्यात एकदा असं वादळ आलं, की त्यानं माळ्याच्या झाडाचं पानन्‌पान ओरबाडून नेलं. आणि पुढच्या महिन्यात, थंडीच्या तोंडावर, ते उघडं झाड भलत्याच वेळी फुललं. "म्हातारा हसला. डोक्याजवळ बोट फिरीवलं. म्हंजे झाड खुळावलं म्हणत व्हता."

"झाड न्हवं रं, तू खुळावलास!" गुंडा ओरडला आणि सगळा ओटा हसला. दाराआड शालूलाही हसू आलं. पदर तोंडात धरून तिनं ते दाबलं.

एकटे आप्पासो हसले नाहीत.

आप्पासोंचं खरेपण पंचक्रोशीत गाजलेलं होतं. म्हसवडच्या बाजारात बैल विकायला गेले, तर घेणाऱ्याला बैलाच्या एवढ्या खोडी सांगितल्या, की तो गडी घाबरून पळाला आणि बैल घरी परत आला. पाटलाच्या मुलाच्या लग्नात "भात कसा झालाय?" असं पाटलानं कौतुकानं विचारलं, तर भर पंगतीत "कच्चा हाय," म्हणाले. असा माणूस. त्याला भाच्याच्या एकेका गोष्टीनं ठसका लागत होता.

आणलेल्या तीन कलमांपैकी दाट पाकळ्यांची नाथाजीनं आपल्या घरी लावली. धोंडुबाईनं तिचे एवढे लाड केले, की उसाला देतात तसं सकाळ-संध्याकाळ हंडा हंडा पाणी ओतलं. काळ्या जमिनीत ते मुरेना. ज्येष्ठ संपायच्या आत मुळं कुजून ती गेली. "लेकरागत वाढीवली गं," म्हणत धोंडुबाई चार दिवस जेवली नाही. उरलेल्या दोघी, पाच पाकळ्यांची आणि केस सोडलेली, मामाच्या मळ्याच्या बांधावर मुरमाड जागेत लावल्या. त्या जगल्या. नाथाजीनं त्यांच्याभोवती बाभळीच्या काट्यांचं कुंपण घातलं आणि शालूला निरोप दिला, की पाणी बेतानं घाल.

गावानं त्यांचं नाव ठेवलं जपानणी. नदीवर धुणं धुताना बायका शालूला सोडायच्या नाहीत.

"शाले, सवतींना पाणी घातलंस का गं?"

"नाथाजीनं दोघी आणल्यात म्हणं. तू तिसरी!"

"धाकटीचं क्यास बघितलं का? हिच्यापरीस लांब हायती."

शालू लाल व्हायची, पण पाणी घालायची. लग्नाआधी नवऱ्यासाठी काही करायला मिळणं म्हणजे त्या काळी केवढी गोष्ट. तेवढ्या हंड्याच्या निमित्तानं तिचा त्याच्याशी रोज संसार चाले.

पहिल्या चैत्रात झाडं नुकती लागलेली, फुलं कुठून येणार? दुसऱ्या चैत्रात सगळ्यांचं लक्ष बांधाकडं. झाडं कमरेच्या वर वाढलेली, पण फुलायचं राहिलं बाजूला, त्यांनी जुनी पानंसुद्धा टाकली नाहीत. आमच्याकडची थंडी ती काय! झाडाला हिवाळा आला-गेल्याचं कळलंच नसावं. माणसं मळ्यावरून जाताना मुद्दाम थांबून "फुलल्या का रं जपानणी?" असं विचारायची. आप्पासो खाली मान घालून खुरपत राहायचे.

गौरी-गणपतीला धोंडुबाई नाथाजीला घेऊन माहेरी आली आणि तिनं लग्नाची गोष्ट काढली. तेव्हा आप्पासोंनी मनातलं सांगून टाकलं.

"आक्का, पोरगी तुझीच. पर एक सांगतो. ह्यानं सांगितल्यालं एक तरी खरं दिसू दे. ज्याच्या बोलण्यात खरं कुठं सरतंय आन थाप कुठं लागतीया ते कळत न्हाई, त्याच्या घरात माझी पोरगी जन्मभर काय चाळण घिऊन बसंल?"

"आरं, माझ्या पोराला थापाड्या म्हणतुयास? मामा हायस का कोण?" धोंडुबाई उसळली.

"म्हणत न्हाई. बघतो म्हणतोय. फलटणच्या बाजूनं एक स्थळ आलंय. साखर कारखान्यात कारकून हाय, मानसिंग नावाचा. तुळशीचं लगीन झालं की दुसऱ्या दिशी ती माणसं येणार. तवर जपानणीला एक जरी फूल आलं, तर म्या हरलो."

"मामा, ते चैतात फुलतंय," नाथाजी हळूच म्हणाला.

"दोन चैत बघितलं. शबूद दिला तो दिला."

आप्पासोंचा शब्द म्हणजे दगडावरची रेघ. शालू चुलीपुढं बसून हे सगळं ऐकत होती. तिच्या हातची भाकरी तव्यावर करपली.

दुसऱ्या दिवशी निघण्याआधी नाथाजी झाडं बघायला मळ्यात आला, तेव्हा ती हंडा घेऊन तिथं होती. एवढी वर्षं दोघं धड बोलले नव्हते.

"खरंच फुलतंय का व्हो?" तिनं झाडाकडं बघत विचारलं.

"म्या डोळ्यांनी बघितलंय."

"ते हिरवं फूल बी?"

"ते बी."

"आन ते वादळाचं?"

नाथाजीनं तिच्याकडं बघितलं. "तुलाबी खोटं वाटतंय?"

शालूनं हंडा उचलला आणि काही न बोलता चालू लागली. घरी पोहोचेपर्यंत तिला आपल्याच गप्प बसण्याची टोचणी लागली होती. "न्हाई" एवढंच म्हणायचं होतं. पण तीही आप्पासोंचीच मुलगी. मनात नसलेलं तोंडातून निघेना.

दसरा झाला. माणदेशातले धनगर मेंढरं घेऊन दरसाल या दिवसांत नदीकाठाला उतरायचे. आप्पासोंनी भुईमूग काढून रान मोकळं केलं होतं. तिथं ऊस लावायचा होता. उसाआधी रानात मेंढरं बसवायची, म्हणजे कळप रात्रीचा तिथंच मुक्कामाला ठेवायचा, त्याच्या लेंड्यांचं खत मिळतं. त्याबद्दल धनगराला शिधा द्यायचा आणि चुलीला सरपण. म्हसवडकडचा धुळा नेहमीचाच होता. तो, त्याची बायको बनुबाई, मेंढरांचा कळप आणि दुधासाठी पाळलेल्या चार-दोन शेळ्या.

"मालक, सरपणाला काय?" बनुबाईनं विचारलं.

"ती बांधावरची वाळली काटी घिऊन जा की," आप्पासो हात उडवून म्हणाले आणि गावात गेले.

त्यांच्या मनात होती वरच्या बांधावर रचलेली बाभळीची काटी. बनुबाईला समोर दिसत होतं जपानणींचं कुंपण. तेही बांधावरचं, तेही वाळलेलं, आणि शिवाय जवळचं. तिनं ते सगळं ओढून नेलं आणि त्यावर झकास पिठलं-भाकरी केली.

सकाळी शालू हंडा घेऊन आली आणि तिथंच उभी राहिली. शेळ्यांनी दोन्ही जपानणींवर एक पान ठेवलं नव्हतं. जिथवर तोंड पोहोचलं तिथवर खाल्लं होतं, आणि पोहोचलं नाही तिथं पुढचे पाय फांदीवर देऊन, फांदी वाकवून खाल्लं होतं. एक काळी शेळी अजून केस सोडलेलीच्या खाली उभी राहून शेवटचं पान चघळत होती. तोंड अगदी समाधानी.

शालूनं हंडा टाकला आणि रडत रडत शेळीला हाकललं. तिचं रडणं ऐकून बनुबाई धावली आणि तिनं कपाळावर हात मारला. "बया बया बया! मला काय ठावं गं माझे बाय ते! म्या म्हनलं काटी न्यायला सांगितलीया."

धुळा हात जोडून आप्पासोंपुढं उभा राहिला. "मालक, एक कोकरू ठिवून घ्या. चांगलंसं निवडा."

"कोकरू नगं," आप्पासो म्हणाले. त्यांचा चेहरा उतरला होता. "चूक तुजी न्हवं, माजी. म्या हात उडीवला आन निगून गेलो. दावून द्यायला पायजे व्हतं."

गुंडा तोवर पोहोचलाच होता. "आप्पा, एक तरी निकाल लागला. पाला जनावर खातंय!"

त्या दिवशी शालू जेवली नाही. मनुबाईनं तिच्यासाठी नवऱ्याकडं शब्द टाकला, की आता तुमच्याच हातून असं झालं, तर फलटणकरांना जरा थांबवा. आप्पासो सुपारी कातरता कातरता म्हणाले, "त्यांना बी शबूद दिलाय."

सांगावा मिळाला तसा नाथाजी सायकल मारत आला. रागानं तो काय करतो, की धुळ्याच्या अंगावर जातो, म्हणून चार माणसं मळ्यात जमली. त्यानं झाडांभोवती फेरी मारली. फांद्यांवरून बोटं फिरवली, पानांच्या बेचक्यात होते ते कळ्यांचे बारके डोळे दाबून बघितले. आणि तो हसायला लागला.

"गेलं पोरगं कामातनं," गुंडा पुटपुटला.

"मामा, वादळ आलं!" नाथाजी म्हणाला.

"कुठलं वादळ?"

"शेळ्यांचं! आवं, तिकडं वादळानं पाला नेला, हितं शेळ्यांनी. झाडाला काय ठावं कुणी नेला? आता त्याला पाणी द्या फकस्त. खत तर पडल्यालंच हाय."

लोक एवढे हसले, की बांधावरची मेंढरं बिचकली. शालू मात्र आज हसली नाही. ती त्याच्याकडं बघत होती, आणि तो हसता हसता तिच्याकडं.

"घालीन म्या पाणी," ती सगळ्यांदेखत म्हणाली. एवढ्या माणसांपुढं ती पहिल्यांदाच बोलली.

धुळ्याचा कळप पुढं गेला. आप्पासोंनी ऊस लावला, मोट सुरू झाली, आणि उसाला जाणाऱ्या पाटाचं थोडं पाणी बांधापर्यंत यायला लागलं. ते आप्पासोंनीच फावड्यानं तिकडं वळवलं होतं. का, ते त्यांनी सांगितलं नाही. दिवाळी आली नि गेली. शालू रोज फांद्या बघायची. डोळे फुगल्यासारखे वाटायचे, की तिच्याच मनाचा खेळ, कळत नव्हतं. मग मनुबाईनं तिचं मळ्यात जाणं बंद केलं. फलटणचे पाहुणे येणार, उन्हानं पोरगी रापायला नको. रोज तोंडाला हळद आणि साय. शालू साय पुसून मांजराला घालायची.

तुळशीचं लग्न लागलं. उसाच्या कांड्यांचा मांडव, चिंचा-बोरं, पोरांचा गोंगाट. अक्षता टाकताना शालूचे डोळे भरून आले. कुणी बघू नये म्हणून तिनं धुराकडं तोंड केलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी घरात पुरणाची गडबड. मळा घराच्या मागंच, त्यामुळं मोटेच्या चाकाची करकर आणि बैलांना दिलेल्या आप्पासोंच्या आरोळ्या स्वयंपाकघरात ऐकू यायच्या. त्या ऐकू येताहेत तोवर सगळं ठीक. आज करकर थोडा वेळ आली आणि थांबली. मनुबाईनं कान दिला.

"बैल बसला का काय? शाले, न्याहारी घिऊन जा आन बघून ये. डोईवर पदर घे, ऊन लागंल."

शालू भाकरीचं फडकं घेऊन मळ्यात गेली. विहिरीवर बैल जुंपलेले तसेच उभे, रवंथ करत. मोट अर्ध्यावर लोंबत होती आणि तिच्यातून पाणी गळत होतं. आप्पासो तिथं नव्हते.

ते बांधावर बसले होते. मांडी घालून, पटका मांडीवर ठेवून, जपानणींच्या पुढ्यात.

केस सोडलेलीच्या फांद्या फुलांनी भरल्या होत्या. पान एकही नाही, नुसती फुलं, भुईपर्यंत ओघळलेली. दुधात कुंकवाचं बोट बुडवावं तसा रंग. पाच पाकळ्यांचीलाही शेंड्याला तीन-चार झुबके आले होते. मधमाश्यांची गुणगुण चालली होती. त्यांना हे झाड कुणी सांगितलं कोण जाणे.

"आप्पा," शालू कशीबशी म्हणाली, "मोट थांबलीया."

"ऱ्हाऊ दे जरा. बस."

ती बसली. आप्पासोंनी भाकरी मोडून अर्धी तिच्या हातात दिली. दोघं कांदा-भाकरी खात झाडाकडं बघत राहिले. वारा आला तशा दोन पाकळ्या आप्पासोंच्या भाकरीवर पडल्या. त्यांनी त्या झटकल्या नाहीत.

"शाले, म्या किती येळ बसलोय गं हितं?"

"ठावं न्हाई आप्पा."

"मलाबी न्हाई," ते म्हणाले. मग एकदम हसले. "आन मोट सोडून!"

त्यांनी पटका बांधला आणि तडक चावडीवर गेले. गुंडा तिथं होताच. "नाथा खरं बोलत व्हता. म्या चुकलो," आप्पासो सगळ्यांसमोर मोठ्यानं म्हणाले. "या बघायला."

तासाभरात अर्धं गाव बांधावर. दोन एवढाल्याशा झाडांची सावली एका माणसाला पुरायची नाही, पण सगळे भोवती बसले. बघून झाल्यावर करायचं काय हे कुणालाच ठाऊक नव्हतं, म्हणून कुणी उठेना. बायकांनी घरून भाकरी आणल्या. नदीवरच्या त्याच बायका म्हणाल्या, "शाले, तुज्या सवती देखण्या हायती गं."

"पर आप्पा," गुंडानं शेवटचा प्रयत्न केला, "एक खरं निगालं. म्हंजे काय ते हिरवं फूल बी खरं?"

"हिरवं फूल बी खरं," आप्पासो म्हणाले.

दुपारी फलटणचे पाहुणे आले. आप्पासोंनी त्यांना आधी पोटभर पुरणपोळी वाढली, मग बांधावर नेऊन सगळं सरळ सांगितलं. मानसिंग हा भला माणूस निघाला. थोडा वेळ झाडाकडं बघत राहिला आणि म्हणाला, "ह्या फुलल्या. आता आडवा येणारा म्या कोण?" परतीच्या वाटेवर गुंडाच्या घरी पाणी प्यायला थांबला आणि पाणी घेऊन आली ती गुंडाची बहीण.

शालूचं लग्न मार्गशीर्षात झालं. धोंडुबाईनं जपानणींची फुलं वेचून नेऊन, लिंबाचं लोणचं घालतात तशी बरणीत मीठ भरून मुरत घातली होती. मीठ घालताना तिचा हात नेहमीसारखाच सैल. वरात तिच्या घरी आली, तशी तिनं पहिला पेला भावापुढं केला. गरम पाणी, त्यात एक चुरगळलेलं फूल हळूहळू उलगडत होतं.

"घे आप्पा. जपानातली रीत."

आप्पासोंनी एक घोट घेतला. त्यांचे डोळे पाणावले, कान लाल झाले. सगळं वऱ्हाड त्यांच्या तोंडाकडं बघत होतं. आप्पासोंना काय वाटलं ते ते सांगणारच, हे सगळ्यांना माहीत होतं. धोंडुबाईनं पदराचं टोक मुठीत धरलं.

आप्पासोंनी तो घोट गिळला. बहिणीकडं बघितलं, मग डोक्यावर पदर घेऊन उभ्या असलेल्या लेकीकडं.

"लय ग्वाड हाय," ते म्हणाले.

आणि पेला संपवला.

धोंडुबाई पुढं बरीच वर्षं जगली आणि तिच्या हातचं लोणचं खारट असतं हे तिला शेवटपर्यंत कुणी सांगितलं नाही. मानसिंगाचं लग्न गुंडाच्या बहिणीशी झालं. त्यामुळं गुंडाला जन्मभर त्याची फिरकी घेता आली नाही, आणि हे त्याचं मोठं दुःख होतं. धुळा आणि बनुबाई म्हसवडजवळ पुढं विहीर पाडून राहिले. त्यांची मुलं शेती करायला लागली. पण धुळा आहे तोवर दर दसऱ्याला मळ्यात एक चक्कर असायचीच, आणि बनुबाई सरपण नेताना प्रत्येक काटीला बोट लावून "ही न्यायची का?" म्हणून विचारायची. मनुबाई गेली साठ साली. आप्पासो त्यानंतर तीन वर्षांनी. दुसरं खोटं ते कधी बोलल्याचं कुणाला आठवत नाही.

नाथाजी सरकारी मोटारीवर ड्रायव्हर झाला. कराडहून कोयनानगरच्या रस्त्यावर त्यानं अठरा वर्षं गाडी हाकली. पांगारा फुललेला दिसला, की गाडी हळू करायचा आणि उतारू ओरडायचे. हिरव्या फुलाची गोष्ट त्यानं नातवंडांनाही सांगितली. त्यांनीही ती खोटी मानली.

फिकट जपानण साठ-पासष्टच्या सुमाराला वाळली. केस सोडलेली बहात्तरच्या दुष्काळापर्यंत टिकली. आपण होऊन ती कधीच फुलली नाही. म्हणून शालू दरसाल दसऱ्याला माहेरी यायची आणि घरातली सगळी पोरं घेऊन झाडाचा पाला ओरबाडायची. दिवाळी करून सासरी जायची, आणि तुळशीच्या लग्नाला पुन्हा यायची, फुलं बघायला. सासरी कुणी कधी अडवलं नाही. वर्षातून दोनदा माहेर मिळणारी ती एकटीच सून होती त्या गावात. झाड गेल्यावरही तिनं ती दोन माहेरपणं सोडली नाहीत. बांधावर जाऊन बसायची, भाकरी घेऊन.